कडुनिंबाची खरड छाटणी

"नाशकात झाडं तोडणारे गल्लोगल्ली आहेत. झाडं सांभाळणारा आजपासून एकच!" असं सोमनाथने जाहीर केलं, तेव्हा तो पिवळं हेल्मेट घालून शिडीच्या तिसऱ्या पायरीवर उभा होता.

"भाऊ, आधी खाली उतरा," त्याचा द्राक्षबागेतला जोडीदार केरू म्हणाला. "शिडी उलटी लावलीय."

तसं सोमनाथचं म्हणणं खोटं नव्हतं. नाशकात झाड आजारी पडलं की त्याला वाली नसतो. वीजवाले येतात, तारेपुरतं कापतात आणि झाडाचा तिरपा भांग पाडून जातात. लाकूडवाले झाडाकडे बघतच नाहीत, टेम्पोत किती बसेल ते बघतात. उरलेले लोक बुंध्याला गेरू फासून फोटो काढतात. या पोकळीत सोमनाथने उडी घेतली होती. आयुष्य द्राक्षबागा छाटण्यात गेलेलं. आता 'वृक्षतज्ज्ञ' असं कार्ड छापलं की झालं.

सासऱ्यांनी मात्र बजावलं होतं, "जावईबापू, पहिलं काम धड झालं तर राहा नाशकात. नाहीतर विंचूरला आमच्या खळ्यावर कांदा निवडायला या."

सासऱ्याच्या हाताखाली कांदा निवडण्यापेक्षा सोमनाथ झाडावरच संसार थाटायला तयार होता.

पहिलं काम इंदिरानगरच्या एका सोसायटीत मिळालं. आवारातल्या कडुनिंबाची एक फांदी सेक्रेटरी शुभांगी मॅडमच्या खिडकीत शिरत होती. तेवढी काढायची. एप्रिलची दुपार, सगळी सोसायटी कूलर लावून झोपलेली. फांदी पडली. केरूने मान तिरकी करून पाहिलं.

"भाऊ, आता ही बाजू लय जड दिसती."

सोमनाथनेही पाहिलं. एप्रिल महिना, हातात करवत, समोर फांद्या. द्राक्षवाल्याच्या हाताला एप्रिलमध्ये एकच काम ठाऊक असतं: खरड छाटणी. सगळा पाला उतरवायचा, नुसते खुंट ठेवायचे, म्हणजे नवी फूट जोमात येते. आणि अर्धी वेल छाटून अर्धी ठेवणं हे तर बागेतलं महापाप.

"अर्धवट नाय ठेवायचं," सोमनाथ म्हणाला.

"मी तेच म्हणतोय."

एकमत झालेल्या दोन द्राक्षवाल्यांना आवरणं त्या कडुनिंबाच्या हातात नव्हतं. शेवटी त्यांनी बागेतल्या रिवाजाप्रमाणे प्रत्येक खुंटाला मोरचूद-चुन्याचा निळा लेप फासला.

चहाच्या वेळी खिडक्या उघडल्या, तेव्हा कित्येक घरांत पहिल्यांदाच ऊन शिरलं. आवारात कडुनिंब उभा होता, दहाही बोटांना शाई लागल्यावर पकडलेल्या बोगस मतदारासारखा, हात वर करून.

"मी एक फांदी सांगितली होती ना हो?" शुभांगी मॅडमनी विचारलं.

"ती पण काढलीय, मॅडम."

तळमजल्यावरच्या अक्काबाई रोज त्या सावलीत बसून भाजी निवडत. त्या काठी टेकत आल्या. "मेलं का रे हे?"

"नाही अक्का. झोपलंय. उठेल."

"आमचे हेही असेच झोपले होते."

दुसऱ्या दिवशी गेटवर फ्लेक्स लागला. 'भावपूर्ण श्रद्धांजली', मध्ये झाडाचा जुना, हिरवागार फोटो, खाली 'शोकाकुल' म्हणून अख्खी कमिटी, आणि 'अंत्यविधी' या शब्दापुढे सोमनाथचं नाव, मोबाईल नंबरसकट. संध्याकाळपर्यंत फ्लेक्सचा फोटो विंचूरला पोचला. सासऱ्यांचा फोन आला.

"जावईबापू, खळ्यावर तुमच्यासाठी गोणपाट अंथरून ठेवलंय."

सोमनाथ रोज सकाळी येऊन झाडाला पाणी घालू लागला. अक्काबाई त्याच जागी छत्री उघडून भाजी निवडत आणि त्याला चहा देत. त्यांनी चार शिव्या दिल्या असत्या तर त्याला बरं वाटलं असतं.

एके सकाळी अक्काबाईंचाच फोन आला. "ये रे लवकर. तुझ्या पेशंटला काहीतरी फुटलंय."

खुंटाखुंटावर तांबूस, कोवळी पालवी आली होती. ही आपली करामत नव्हे, हे सोमनाथला पुरतं ठाऊक होतं. वृक्षतज्ज्ञाच्या हातून सुटून जगायचं म्हणजे झाडही कडुनिंबासारखं चिवट लागतं. त्याने हेल्मेट काढलं आणि बुंध्याला डोकं टेकवलं. "उपकार झाले, बाबा."

झाड छत्रीसारखं गोल भरलं, तेव्हा मॅडमनी फ्लेक्स उतरवला. "शेजारच्या सोसायटीला तुमचं नाव सुचवलंय. त्यांचं झाड आमच्याहून मोठं आहे."

"उपकार झाले, मॅडम."

"उपकार कसले? पार्किंगवरून आमचं आणि त्यांचं पटत नाही."

सोमनाथला तेवढंही पुरे होतं. विंचूर टळलं होतं. जमलेल्या मंडळींसमोर त्याने हात जोडले आणि जाहीर केलं की, या झाडाची काळजी मी जन्मभर फुकट घेईन.

सगळ्यांनी अक्काबाईंकडे पाहिलं. अक्काबाईंनी त्याच्या पाठीवरून हात फिरवला.

"चहाला रोज येत जा बाळा. झाडाला तेवढा हात लावू नको."