मुगैन लोहारणीनें आग राखिली तो मजकूर

श्री. जें तेज एकच असोन देशोदेशीं निराळ्या नांवें पूजिलें जातें, त्यास नमस्कार करोन मजकूर लिहिला ऐसा जे, शालिवाहनाचा शक सुरू होण्यापूर्वीं दोनशें अकरा वर्षें, संवत्सराचें नांव त्या देशीं ठेवीत नाहींत सबब लिहिलें नाहीं, वैशाख मासारंभीं, पश्चिम समुद्रांतील हिरव्या बेटावर एक राज्य होतें. तेथें देव बहुत, परंतु उजेडाचे आणि उष्णतेचे धनी तीन. थोरला बेलदेव, सूर्याचें तेज तो. महादेवास वाहतात तो बेल निराळा, नांवांचा योग मात्र तैसा. दुसरी ब्रिगीददेवी, चुलीची, भट्टीची, बाळंतिणीची आणि कवींची कैवारी. तिसरा लूघदेव, लांब हाताचा, सकळ कसबांचा जाणता, त्याची जत्रा पीक हातीं येतां भरे. तिघांमध्यें वांकडें कधीं नव्हतें. वाद होत ते उपाध्यांमध्यें. त्या उपाध्यांस तिकडे द्रुईद म्हणत.

वैशाखाचे आरंभीं बेलदेवाचा सण. त्या दिवशीं राज्यांतील यावत् चुली, भट्ट्या, दिवे विझवावे, आणि टेकडीवर लांकडावर लांकूड घांसोन नवी आग काढावी, आणि तिचे दोन मोठे ढीग पेटवोन त्यांमधून सारीं गुरें हांकावीं, मग तीं रानांत चरावयास सोडावीं, आणि मग तीच आग घरोघरीं न्यावी, ऐसी चाल. नवी आग निघण्यापूर्वीं कोणी जुनी राखिली तर त्यास कातड्याचे होडींत घालोन, वल्हें न देतां, समुद्रांत सोडावें, ऐसा कायदा. आजपर्यंत कोणी राखिली नव्हती, सबब होडी तैसीच पडोन तीस उंदरांनीं भोंकें पाडिलीं होतीं.

टेकडीचे पायथ्यास, ओढ्याचे कांठीं मुगैन नामें लोहारीण राहत असे. वय पंचेचाळीस, दंड भरीव, बोलणें थोडें. नवरा वारल्यावर भट्टी तिनेंच चालविली, आणि राजाचे रथांच्या चाकांस लोखंडी धावा तीच चढवीत असे. लेक जहाजावर कथील आणावयास गेलेला. घरीं सून लीदान, तीस आठवे महिन्यांत कन्या जाहली. मूल इतकें लहान कीं मुगैनचे एका तळहातावर मावे, आणि रडणें मांजराचे पिलाहून बारीक. अंग घडोघडी गार पडे, तेव्हां मुगैन तीस लोकरीचे टोपलींत घालोन भट्टीपाशीं ठेवी, मग गालांवर रंग येई. त्यांत त्या वर्षीं पावसानें चाळीस दिवस उसंत दिली नव्हती. मूल चार दिवसांचें जाहलें आणि आग विझविण्याची दवंडी आली.

लीदान बोलली, "आत्याबाई, भट्टी विझली तर पोरीचें कसें?" मुगैन बोलली, "एका दिवसाची गोष्ट. तोंवर मी हीस उराशीं धरितें." मग तिनें दवंडीवाल्यादेखत चुलींत पाणी ओतिलें, भट्टीवर राख लोटिली, आणि मूल पदराखालीं घेतलें. परंतु दोन घटकांत मुलाचे ओंठ निळे पडले. राखेखालीं एक निखारा जिवंत होता. तो चुकोन राहिला कीं तिनें राखिला, हें तिचें तीस ठाऊक. तिनें त्यावर फुंकर घातली, आणि त्या देशीं जळणारी काळी माती असते तिचीं ढेंकळें भोंवतीं मांडिलीं, जेणेंकरोन धूर थोडा आणि आंच फार. लीदान म्हणाली, "होडीचें ध्यानांत आहे ना?" मुगैन म्हणाली, "होडीस भोंकें आहेत. फार लांब जाणार नाहीं." बोलली ऐसें खरें, परंतु दारावरून पाऊल वाजलें कीं ती भट्टी पाठीशीं घालोन उभी राही.

इकडे टेकडीवर थोरले द्रुईद लोर्कान उभे राहिले. अंगानें काटकुळे, दाढी पांढरी, आणि नियमांत केसाएवढी चूक न खपविणारे. नऊ असामींनीं दोर ओढोन लांकूड फिरविलें, ते दमले मग दुसरे नऊ, मग तिसरे नऊ, आणि सर्वांचे तळहात सोलले, परंतु लांकूड ओलें तें ओलेंच. दुसरे दिवशींही तेंच. लोक ओट नामें धान्य भिजवोन कच्चेंच खाऊन दिवस काढूं लागले. राजे फेर्गल स्थूल आणि आनंदी पुरुष, कढत रस्स्याचे शौकीन, ते शिंकोन शिंकोन बेजार जाहले. हें सारें सोसतें. परंतु गोठ्यांतील वैरण सरली होती, आणि नवी आग निघाल्याखेरीज गुरें रानांत सोडतां येत ना, आणि वासरें उठेनाशीं जाहलीं. त्यांचें हंबरणें साऱ्या राज्यांत ऐकूं येई.

तिसरे दिवशीं सकाळीं शेजारीण सांगत आली कीं, नवी आग ज्या ओक नामें कठीण झाडाचे लांकडाची काढितात, तें कोरडें राज्यांत वीतभरही मिळत नाहीं. ती गेल्यावर मुगैनची दृष्टि भट्टीचे बाजूस गेली. तेथें रथाचे चाकासाठीं आणिलेले ओकाचे दोन ठोकळे पडले होते, दोन दिवसांचे आंचेनें खडखडीत वाळलेले. ती बराच वेळ पाहत राहिली. द्यावे तर कोठें वाळविले ऐसें कोणी पुसेल. न द्यावे तर गुरें मरतील, आणि गुरें मेलीं मग घरीं दूध कोठचें आणि पोरीसाठीं लीदानचे अंगावर दूध तरी कोठचें. मग ठोकळे कांबळ्यांत गुंडाळोन ती सुनेस म्हणाली, "टोपलीपाशींच बैस," आणि टेकडी चढों लागली.

लोर्कानांनीं ठोकळा हातीं घेतला, गालास लाविला, आणि त्यांचे डोळे भरोन आले. परंतु नियम ऐसा कीं, लांकूड फिरविण्यापूर्वीं देवास तीन गोष्टी मोठ्यानें सांगाव्या: झाड कोठील, तोडिलें कोणी, आणि वाळविलें कोणाचे आंचेनें. तेव्हां त्यांणीं मुगैनकडे पाहिलें. छपरांतील गवतांत वाळलें ऐसें सांगावें हें तिनें वाटेनें घोकिलें होतें, परंतु साऱ्या राज्यादेखत उभी राहतां जीभ तिकडे वळेना.

ती बोलली, "झाड ओढ्याकांठचें. तोडिलें माझे नवऱ्यानें. वाळविलें माझे भट्टीनें."

"कधीं?"

"काल आणि परवां."

लोर्कान हळूच बोलिले, "म्हणजे तुझी भट्टी पेटती आहे."

"आहे, उपाध्येबोवा. सुनेस आठवे महिन्यांत पोर जाहली. चूल विझवा म्हणालांत, विझविली. भट्टी विझवावी तर पोर विझते."

लोर्कान बोलिले कीं, "प्रथम ती आग विझेल, मग लांकडाचा विचार." ऐसें म्हणोन त्यांणीं बेलदेवाचे विहिरीचें पाणी तांब्याचे घागरींत भरोन स्वतः उचलिलें आणि चालूं लागले. राजे म्हणाले, "आम्हीही येतों. ऐशा बाबतींत चौकशी जातीनें केली पाहिजे." आणि अंगाचे मानानें फारच झपाट्यानें टेकडी उतरले.

भट्टीचे घराचें दार बुटकें, सबब सर्वांस वांकोन जावें लागलें. आंत शिरतांच ऊब तोंडावर आली. लोर्कानांची बोटें घागरीचे कांठास गारठोन चिकटलीं होतीं, तीं सोडवावयास त्यांणीं घागर भट्टीचे कट्ट्यावर टेकिली, आणि टेकिली ती तेथेंच राहिली. राजे उकिडवे बसोन तळहात पुढें करते जाहले. राजांचे रक्षणास सेनापति आंत आले, आणि मजकूर ध्यानांत ठेवावयास भाट आले, आणि न्यायाचें काम म्हणोन न्यायाधीश आले, आणि मग कारण न सांगतां आणीक दहा जण आले. सर्वांचे वस्त्रांतून वाफ निघों लागली. मुगैन भिंतीशीं उभी, तीस वाटे आतां घागर उचलतील, मग वाटे आतां उचलतील. इतक्यांत कोपऱ्यांतून लीदान बोलली, "महाराज, थोडे सरकावें. पोरीस ऊब लागत नाहीं." महाराज सरकले.

बहुत वेळानें लोर्कान म्हणाले, "विझविली पाहिजे," आणि घागरींत हात घातला, तों पाणी कोमट जाहलेलें. तेव्हां मुगैन बोलली, "उपाध्येबोवा, पोरीस तीन दिवस न्हाऊं घातलें नाहीं. भट्टीवर पाणी ठेवावें तर वाफ बाहेर दिसेल, म्हणोन धीर जाहला नाहीं." लोर्कानांनीं पाण्याकडे पाहिलें, मग टोपलीकडे पाहिलें. मूल तेव्हां जांभई देत होतें, आणि तेवढ्यानेंही त्याचें अंग दमत होतें. मग ते खालीं बैसले, आणि लीदाननें मूल पायांवर घेतलें, आणि थोरले द्रुईद आपले हातानें पाणी घालूं लागले. फार सावकाश घातलें. घागर रिकामी जाहली.

राजे म्हणाले, "आतां विझवावी कशानें?"

लोर्कान म्हणाले, "विहीर टेकडीवर आहे. जाऊन येण्यास वेळ लागेल." आणि मुलाचें अंग पुसोन होई तोंपर्यंत बैसोन राहिले. मग म्हणाले, "मी वीस वर्षें मंत्र पाठ केले. भट्टी ब्रिगीददेवीची. तिचे घरची आंच बेलदेवास विटाळ, ऐसें त्यांत कोठें नाहीं. लांकूड चालेल. परंतु कायदा मोडला तो मोडला, त्याचें शासन राजांनीं सांगावें."

राजांनीं विचार केला आणि पुसिलें, "आपली सीमा कोणती?" न्यायाधीश म्हणाले, "या घरामागील ओढा." राजे म्हणाले, "होडी फुटकी, सबब मुगैन लोहारणीस सीमेपार घालावें. या घरांत नवी आग येई तोंपर्यंत तिनें राज्यांत पाऊल ठेवूं नये. आग दारीं आली कीं सुनेनें जुनी विझवावी, मग नवी लावावी."

मग मुगैन ओढ्यांत उतरली आणि गुडघाभर पाण्यांतून पलीकडे जाऊन एका कांटेरी झाडाखालीं उभी राहिली. तेथून टेकडीचा माथा दिसेना. मंत्र मात्र ऐकूं येत, आणि दोर ओढणारांचा हुंकार ऐकूं येई. ते थांबले कीं ती टांचा उंचावोन पाही. ऐसा बहुत वेळ गेला. मग पाऊस विरळ जाहला, आणि टेकडीवर एकदम मोठा गलका उठला, आणि हंबरत हंबरत गुरांचे खूर वाजों लागले. तेव्हां टेकडीचे उतरणीवरून लोर्कान, एका हातीं पेटती मशाल आणि दुसऱ्या हातीं झग्याचा घोळ धरोन, धांवत येतांना दिसले. ते तिचे घरांत शिरले.

तिचे छपरावर जो बारीक धूर होता तो थांबला. मुगैन झाडाची फांदी घट्ट धरोन पाहत राहिली, कांटे रुतले तरी सोडवेना. छपरावर कांहींच नव्हतें, पाऊसही नव्हता. मग जाड, पांढरा धूर सरळ वर चढला. तिनें फांदी सोडिली आणि ओढ्यांत पाय घातला.

ऐसें वर्तमान. त्या वर्षापासोन कायद्यांत ओळ वाढली कीं, ज्या घरीं तान्हें मूल असेल तेथील आग राखावी, आणि लोर्कानांनीं ती ओळ स्वतः शिष्यांकडोन पाठ करविली. पोरीचें नांव लासर ठेविलें, त्या भाषेंत ज्योत ऐसा अर्थ. ती ऐंशी वर्षें जगली आणि शेवटपर्यंत बहुत मोठ्यानें बोलत असे. लेखनसीमा.