अप्पांचं नाक आणि चार लोणीफळं

अप्पा आमच्या घरी येतात तेव्हा आधी त्यांचं नाक येतं, मग कपाळावरचं भस्म, आणि सर्वांत शेवटी, चपला काढून, अप्पा. उंबऱ्यात ते थांबतात, डोळे मिटतात, मान जराशी वर करतात आणि एक लांबलचक श्वास ओढतात.

"टीचर, आज वरणात हिंग कमी हाय."

त्यानंतर 'बसा' म्हणायची सोय नसते, कारण ते बसलेले असतात. आणि हिंग खरंच कमी असतो.

मी लातूरच्या एका शाळेत मराठी शिकवते. अप्पा माझे शेजारी. मध्ये कमरेएवढी भिंत. पस्तीस वर्षं त्यांनी मार्केट यार्डात फळांची आडत चालवली. तिथं त्यांना 'नाकवाले अप्पा' म्हणत. टरबुजाला थापट्या मारणारे, पपईला नख लावणारे आणि आंबा दाबून बघणारे, या तीन जातींचा त्यांना मनापासून तिटकारा. गाळ्यावर पाटीच होती : 'फळ दाबू नये. दाबल्यास न्यावे लागेल.' कुणाचा अंगठा पुढं सरकला की अप्पा गरजायचे, "दाबतंय ते गिऱ्हाईक. वास घेतोय तो व्यापारी. तुम्ही कोण ते आधी ठरवा, मग हात लावा!" एका फौजदारानं तरीही एक केशर आंबा दाबला. अप्पांनी तो आंबा उचलून सन्मानानं त्याच्या टोपीत ठेवला आणि टोपी त्याच्या हातात दिली.

मी सांगतेय त्या वर्षी लातूरला पाणी रेल्वेनं येत होतं. गल्लीत टँकर आठ-दहा दिवसांनी. माणसं एकमेकांना 'जेवलात का?' विचारायची विसरली होती, 'भरलात का?' एवढंच विचारत. टँकर आला की आम्ही ड्रम घेऊन धावायचो आणि अप्पा तांब्या घेऊन. पहिला तांब्या नाकाशी. सगळी गल्ली थांबलेली.

"हे धरणाचं न्हाई," अप्पांनी एकदा जाहीर केलं. "हे हिरीचं. आन् हिरीच्या काठाला कडू लिंबाचं झाड हाय."

टँकरच्या ड्रायव्हरनं कानाला हात लावला. "हाय अप्पा. लई मोठा लिंब हाय." गल्लीनं टाळ्या वाजवल्या. तोवर माझा ड्रम भरून पाणी रस्त्यावर चाललं होतं, ते कुणाच्या लक्षात आलं नाही.

असं हे नाक. घरात मात्र त्या नाकाला सोबत नव्हती. काकूंना जाऊन तीन वर्षं झाली होती. एकुलती लेक शारदा नवऱ्याबरोबर बंगळूरला, सासर उदगीरचं. त्या उन्हाळ्यात तिला सातवा महिना लागला होता. पहिलं बाळंतपण माहेरी, हा आपला रिवाज. पण या माहेरात पाणी नव्हतं आणि आई नव्हती.

व्याही भीमण्णा उदगीरहून रोज फोन करायचे. अप्पा फोन कानापासून हातभर लांब धरायचे, त्यामुळं मलाही सगळं ऐकू यायचं.

"अप्पा, हट्ट सोडा. बाळंतिणीला रोज घागरभर ऊन पाणी लागतंय. तुमच्या लातुरात देवाला आंघोळ मिळंना! आन् आमचं उदगीर आता जिल्हा होऊन राहिलंय. जिल्हा झाला की सिव्हिल हॉस्पिटल थेट आमच्या गल्लीच्या तोंडाशी."

उदगीर जिल्हा होणार ही बातमी भीमण्णा मी ओळखते तेव्हापासून देताहेत, आणि दर खेपेला पेढ्यांसकट देतात.

"इवाई," अप्पा म्हणाले, "तुमचा जिल्हा व्हायच्या आधी माझा नातू कलेक्टर होतोय. आन् तो लातुरातच जन्माला येतोय."

शेवटी तोड निघाली. डोहाळजेवण लातूरला करायचं. उदगीरची मंडळी येतील, घर बघतील, व्यवस्था बघतील, आणि जेवण झाल्यावर ठरेल, शारदा राहायची की सासरी जायची. म्हणजे डोहाळे शारदाचे आणि परीक्षा अप्पांची. अप्पा लगेच तयारीला लागले. गल्लीतल्या बायकांकडून त्यांनी शब्द घेतला : बाळंतपण होईपर्यंत रोज एका घरानं एक घागर द्यायची. शेजारच्या ड्रमातलं पाणी मागणं त्या वर्षी किडनी मागण्यासारखं होतं. तरी सगळ्यांनी हो म्हटलं.

मग शारदाचा फोन आला. "अप्पा, पोटात काही ठरतच नाही बघा. इथं ताज्या फळांचं सलाड मिळतं, बटर फ्रूट घातलेलं. तेवढंच जातं. तिकडं मिळेल का?"

"मिळंल की! आपल्या लातुरात काय मिळत न्हाई?" अप्पांनी फोन ठेवला आणि भिंतीवरून मान काढली. "टीचर, बटर फ्रूट म्हंजी काय?"

मी मोबाइलवर अ‍ॅव्होकॅडोचं चित्र दाखवलं. अप्पांनी ते जवळून बघितलं, लांबून बघितलं. "हे तर मगरीचं अंडं हाय."

पस्तीस वर्षं फळं विकलेल्या माणसाला एक फळ ठाऊक नसावं, हा अपमान त्यांनी संध्याकाळपर्यंत गिळला. सकाळी त्यांनी त्या फळाचं बारसं केलं, लोणीफळ. चार दिवसांनी हैदराबादला जाणाऱ्या एका जुन्या ओळखीच्या ट्रकवाल्यानं चार लोणीफळं आणून दिली. दगडासारखी. अप्पांनी देठाशी वास घेतला, बुडाशी घेतला, आडवं धरून घेतला, उभं धरून घेतला.

"टीचर, हे फळ बोलतच न्हाई."

पहिलं त्यांनी त्याच दिवशी कापलं. विळी निम्म्यात अडकली. मी एक फोड तोंडात टाकली. कच्चा दुधी आणि अंगाचा साबण यांचं लग्न लावावं तशी चव. उरली तीन. मग अप्पांनी आंब्याला घालतात तशी अढी घातली. जुन्या पत्र्याच्या ट्रंकेत गव्हाचं काड, काडात लोणीफळं, वरून पोतं. काड गोठेवाल्यानं दिलं, पण ऐकवून दिलं, "अप्पा, म्हशीच्या तोंडातनं काढून देऊन राहिलो."

रोज सकाळी अप्पा ट्रंक उघडून डोकं आत घालायचे. वास नाही. झाकण बंद. आंबा पिकला की हाक मारतो, वास सुटल्याशिवाय अढी मोडायची नाही, हा त्यांचा नियम. सहाव्या दिवशी मी सहज म्हटलं, "अप्पा, दाबून बघा की."

"टीचर," ते म्हणाले, "तुम्ही बी?"

दोन दिवस बोलले नाहीत. आणि वासाची वाट बघता बघता तिघांतलं धाकटं आतून काळं पडलं. उरली दोन, आणि डोहाळजेवणाचा रविवार उद्यावर आलेला.

रविवारी सकाळी, उदगीरची जीप शारदाला घेऊन यायच्या आधी, हिरव्या बांगड्या घेऊन मी त्यांच्याकडे गेले. दार ढकललं आणि गॅसचा असा भपकारा आला की बांगड्या पडायच्या राहिल्या. अप्पा ओट्याशी उभे राहून शांतपणे खरबूज कापत होते. शेगडीवर दुधाचं पातेलं होतं. पंख्याच्या वाऱ्यानं जाळ विझला होता, बटण चालूच. मी झेप घेऊन बटण बंद केलं, सिलिंडर बंद केला, खिडक्या धाडधाड उघडल्या.

"अप्पा, गॅस!"

"कुठंय?"

"कुठंय काय? अख्ख्या घरात!"

ते माझ्याकडे बघत राहिले. मग शेगडीकडे. मग हातातल्या सुरीकडे. नाकाकडं हात गेला नाही त्यांचा. तेव्हा मला कळलं.

"कधीपासून?" मी विचारलं.

"शारदाची आई गेली त्याच थंडीत मला ताप आला. ताप गेला तो नाक घेऊन गेला. तीन वर्षं झाली."

"मग माझ्या वरणातला हिंग?"

"तुमच्या वरणात हिंग कमी न्हाई, असा दिवस आजवर उगवला न्हाई, टीचर."

"आणि टँकर? विहिरीवरचा लिंब?"

"ड्रायव्हरला कोपऱ्यावर गाठून आधीच इचारलं. त्यानं बी काम चांगलं केलं की."

मला हसूही आलं आणि रागही. "अहो, पण हे सोंग कशासाठी?"

अप्पांनी खरबुजाची फोड सोलली. "शारदा रोज सांजच्याला फोन करती. तिची आई असताना दोघी तास तास बोलायच्या. मला काय बोलावं सुचत न्हाई. ती इचारती, अप्पा, आज घरात कशाचा वास येतोय? मग मी सांगतो. टीचरच्या घरनं पुरणाचा येतोय. मोगरा फुललाय. तुझ्या आईचं कपाट उघडलं, कापराचा आला. धा मिनिटं निघून जात्यात. वासच न्हाई म्हणलं, तर अकराव्या सेकंदाला फोन ठेवावा लागंल."

त्यांच्या अंगणातला मोगरा पाण्यावाचून होळीच्या आधीच वाळला होता.

मी ट्रंकेतली दोन लोणीफळं त्यांच्यापुढं ठेवली. अप्पांनी हात धुतले, म्हणजे ओल्या फडक्याला पुसले. डोळे मिटले. आणि आयुष्यात पहिल्यांदा देठाजवळ अंगठा ठेवून, झोपलेल्या मुलाच्या गालाला लावावा इतक्या हळू, त्यांनी फळ दाबलं.

"हे न्हाई," ते म्हणाले. मग दुसरं घेतलं. "हे."

कापलं. आत पिवळं-हिरवं लोणी. कोय बोट लावताच सुटली. अप्पांनी वर लिंबू पिळलं, कारण काळं पडणाऱ्या फळाला काय लागतं हे व्यापाऱ्याला सांगावं लागत नाही. परातीत खरबूज, चिकू, अर्धापूरची केळी, डाळिंबाचे दाणे. मोसंबीचा रस, चिमूटभर काळं मीठ, जिऱ्याची पूड. लोणीफळाच्या फोडी सगळ्यांत शेवटी, आणि कालवायचं हातानं. "चमचा मोडतोय फोडी. टीचर, तुम्ही चाखा. मला निस्तं गोड-खारट कळतंय."

मी चाखलं. मग पुन्हा चाखलं. तिसऱ्यांदा हात पुढं केला तेव्हा अप्पांनी परात उचलून फळीवर ठेवली.

डोहाळजेवण थाटात झालं. हिरव्या साडीतली शारदा पाटावर बसली, बायकांनी ओटी भरली. पुरणपोळी तिनं नुसती उष्टावली. मग सलाडची वाटी आली. पहिली संपली. दुसरी संपली. तिसरी तिनं बोटानं निपटली. विहीणबाई म्हणाल्या, "हे मऊ मऊ काय गं?" आणि उत्तराची वाट न बघता आपली वाटी पुढं केली. बाहेर ओसरीवर भीमण्णांनी दोन वाट्या रिचवल्या. "जिल्हा झाला की आमच्याकडं बी मिळंल हे," म्हणाले, पण आवाजात जोर नव्हता.

मग सगळे ओसरीवर आले. शारदा सासऱ्यांना म्हणाली, "मामा, मी इथंच राहते. अप्पा करतील माझं सगळं."

भीमण्णांनी तोंड पुसलं. "ऱ्हा बाई. पाणी गल्ली देती, पोटात घास अप्पा घालत्यात, मी काय बोलू? हारलो."

सगळ्यांनी अप्पांकडं बघितलं. जिंकले होते ते. अप्पांनी एकदा स्वयंपाकघराच्या दारातून आतल्या शेगडीकडं बघितलं.

"न्हाई," ते म्हणाले. "शारदे, तू उदगीरला जा."

"अप्पा!"

"इथं पाणी न्हाई, बाई. तान्हं लेकरू असणार घरात."

भीमण्णा उठूनच बसले. "अहो, महिनाभर माझ्याशी भांडून राहिलाव, आन् आता?"

"आता समजलं मला. मोठ्या माणसाला समजायला येळ लागतोय."

शारदाचा चेहरा उतरला. मला राहवलं नाही. "अप्पा, मी आहे की शेजारी. येता-जाता बघेन…"

"तुम्ही दिवसभर शाळेत असता, टीचर," ते माझ्याकडं न बघता म्हणाले. मी गप्प बसले. माझ्या नवऱ्याला विचारा, असं वर्षातून एकदाही होत नाही.

दुपार कलली तशी जीप निघाली. अप्पांनी उरलेलं लोणीफळ शारदाच्या हातात दिलं. "दोन दिवसांनी देठाशी हळू दाब. मऊ लागलं की काप." शारदा बापाकडं बघतच राहिली. तिला बहुतेक वाटलं, म्हातारपण आलं.

मी भांडी आवरायला थांबले. एका तांब्यात सगळ्या वाट्या विसळायच्या होत्या. अप्पा पुसून पुसून ठेवत होते.

"टीचर," मग ते म्हणाले, "तान्ह्या लेकराच्या टाळूला वास असतोय म्हणत्यात."

"असतो."

"शारदा झाली तवा माझं नाक तेज होतं. पर पहाटंच मार्केटात जायचो, यायचो तवा ती झोपलेली. उठंल म्हणून कधी जवळ घेतलं न्हाई." त्यांनी एक पुसलेली वाटी पुन्हा पुसली. "आता दोन महिन्यांनी ती लेकरू माझ्या हातात दील आन् इचारंल, अप्पा, कसला वास येतोय? काहीतरी सांगाया पाहिजे. कसा असतोय?"

मी हात पुसले. "दुधाचा असतो, अप्पा. आणि थोडा खोबरेल तेलाचा. आणि त्याच्याखाली आणखी एक असतो…"

अप्पांनी डोळे मिटले होते.

"हळू सांगा, टीचर," ते म्हणाले. "पाठ करायचंय."