झुरीबाईच्या अंगणातला पाटील

ऱ्हस्व-दीर्घात चुका निघतील आणि शब्दही साधेच आहेत, त्याबद्दल आधीच माफी मागतो. सांगायचं एवढंच की कोरेटोल्यात पाटील हे पद चार पायांवर चालतं, आणि यंदाच्या फाल्गुनात ते झुरीबाई उसेंडीच्या अंगणात येऊन बसलं.

बाहेरच्या माणसाला एवढं माहीत असलं की पुरे: पाटील वासराएवढा आहे, रंगानं करडा, कानांवर केस जास्त. पेज पितो, खाटेवर झोपतो आणि घोरतो. त्याच्या मागं पाटलीण असते. ती शेळीएवढी, तांबूस, पायानं चपळ. पाटील पुढं आणि पाटलीण जरा अंतर ठेवून मागं, अशी ती दोघं पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहेत. ज्याच्या घरी पाटील आपल्या पायांनी येतो, तो गावाचा मुखिया. त्याच्या बायकोजवळ पाटलीण राहते.

पद घरात आलं की त्याचं वाक्य माणसाच्या तोंडात येतं. पाटलाचं वाक्य आहे, "ठरलं." गावात बांधावरून भांडण झालं, कोणाची सोयरीक अडली, की मुखियानं दोन्ही बाजू ऐकायच्या आणि म्हणायचं, "ठरलं." मग ते ठरायचं. पाटलीणीचं वाक्य आहे, "घरच्याले विचारून सांगते." तेही रोज लागायचं, कारण मुखिया घरी नसला तरी माणसं येतातच.

जुने मुखिया दोगेजी नरोटे माघात वारले. पाटील काही दिवस जंगलात भटकला. सगळे धरून चालले होते की तो दोगेजीचा मुलगा सैनू याच्याकडे जाईल. सैनूनं नवी खाट विणून घेतली. पाटील सैनूच्या दारावरून गेला, खाटेकडे पाहिलंही नाही, आणि थेट झुरीबाईच्या अंगणात जाऊन तिच्या जुन्या खाटेवर चढला. खाटेचा एक पाय मोडका होता. पाटलानं तो मोडका कोपरा सोडून अंग टाकलं आणि झोपी गेला.

झुरीबाई तेव्हा टोपलीचा काठ विणत होती. पन्नाशीची बाई, मासा नावाचा नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, पोरगी सासरी. भांडण लागलं की दोन्हीकडचे लोक पाणी प्यायच्या निमित्तानं तिच्याकडेच यायचे, आणि पाणी पिऊन होईपर्यंत भांडण निम्मं झालेलं असायचं. तिनं पाटलाकडे पाहिलं, टोपली खाली ठेवली आणि पेज आणायला उठली.

संध्याकाळ व्हायच्या आत गावातले बापे जमले. पुढं सैनू होता.

"काकी," तो म्हणाला, "पाटील चुकला."

"मोडका पाय पाहून झोपला. चुकला कसा?"

"बाईच्या घरी पाटील कसा राहील? तो रात्री घोरते."

"दोगेजी काय बासरी वाजवत होते?"

मागं कोणीतरी हसलं. सैनूचा चेहरा उतरला. तो वाईट माणूस नव्हता. पण खाट विणून झाली होती आणि साऱ्या गावानं ती पाहिली होती.

तिथंच अंगणात बैठक बसली. बैठकीत कोणी आवाज चढवला नाही. पाटलानं झुरीबाईला निवडलं, हे सगळ्यांनी मान्य केलं. झुरीबाई बाई आहे, हेही मान्य केलं. बाईला बाईचं पद द्यावं, यावर कोणाला हरकत सुचली नाही. आणि बाईचं पद गावात तयारच होतं. दोगेजीच्या घरून पाटलीण नेहमीसारखी मागून, आपल्या चालीनं येत होती. ती बांधापर्यंत पोचली होती. दोघांनी जाऊन तिच्या गळ्यात दावं घातलं आणि झुरीबाईच्या खुंटीला आणून बांधलं. झोपलेल्या पाटलाला खाटेसकट उचललं आणि सैनूच्या गोठ्यात नेलं.

"आता झालीस ना तू मुखिया?" सैनू म्हणाला.

झुरीबाईला म्हणायचं होतं, माझी खाट परत आण. तोंडातून आलं, "घरच्याले विचारून सांगते."

सगळे समाधानानं घरी गेले.

साध्या बोलण्याला काही अडचण नव्हती. ती पेज मागू शकत होती, कोंबड्या हाकू शकत होती, सैनूला शिव्याही देऊ शकत होती, आणि देत होती. पण कोणी काही ठरवायला विचारलं की ते एकच वाक्य. कोवेची गाय हिचामीच्या वाडीत शिरली, दोघं आले. "घरच्याले विचारून सांगते." कोवे न राहवून बोलला,

"पण काकी, तुझा घरचा तर..."

"मले माहीत आहे कुठं आहे तो," झुरीबाई म्हणाली. "मीच तर पोचवून आली."

आणि दर वेळी ते वाक्य झालं की पाटलीण उठायची. दावं ताणून दारामागं बघायची, खाट जिथं होती तिथली जमीन हुंगायची, धान्याच्या कणगीत डोकं घालायची. कोणी सापडायचं नाही. मग येऊन बसायची आणि परत कोणी आलं की परत तेच. पहिले दोन दिवस झुरीबाई वैतागली. तिसऱ्या दिवशी पाटलीणीनं दारामागं पाहिलं, तेव्हा तिच्या मागोमाग झुरीबाईनंही एकदा पाहिलं. तिथं नवऱ्याची कुऱ्हाड टेकलेली होती, नेहमीसारखी.

तिकडे सैनूकडे वेगळी तऱ्हा होती. पाटील भिंतीकडे तोंड करून पडला होता. सैनूच्या बायकोनं, रैनीनं, त्याला कोंबडीचा रस्सा दिला, तो त्यानं हुंगला नाही. आपल्या पायांनी न आलेल्या पाटलाचं वाक्य तोंडात येत नाही. सैनू "ठरलं" म्हणायला जायचा आणि त्याला उचकी लागायची.

तोवर मोहाची फुलं गळायला लागली.

आमच्याकडे मोहाची रीत अशी आहे. झाडाखालचा पाला आधी झाडून जाळून जमीन साफ करायची. मग मुखियानं देवमोहाखाली, म्हणजे गावदेवाच्या मोहाच्या झाडाखाली, पहिलं फूल उचलायचं, टोपलीत टाकायचं आणि म्हणायचं, "ठरलं." त्याआधी कोणी फूल वेचत नाही. चोरूनही नाही, कारण ठरायच्या आधीचं फूल वाळत नाही, ओलंच राहतं आणि कुजतं. वर्षाचं तेल-मीठ, पोरांचे कपडे, लग्नाचा खर्च, सगळं त्या फुलांवर असतं.

जमीन झाडून झाली. पहाटेपासून फुलं पडत होती, पिवळी, टपोरी, टप टप. बाया टोपल्या घेऊन कडेला बसल्या. सैनू पुढं झाला, फूल उचललं, टोपलीत टाकलं.

"ठ..." म्हणाला. उचकी.

"पाणी प्या जी," रैनी म्हणाली.

"ठ..." उचकी.

मग सगळ्यांनी झुरीबाईकडे पाहिलं. तिनं फूल उचललं. तिला ते वाक्य येताना कळत होतं. तिनं दात आवळले, ओठांवर हात धरला, तरी बोटांच्या फटीतून ते आलंच. "घरच्याले विचारून सांगते."

पाटलीण उठली आणि देवमोहाच्या बुंध्यामागं बघून आली.

त्या दिवशीची फुलं गुरांनी खाल्ली. दुसऱ्या दिवशीची हरणांनी. अस्वलही येऊन गेलं, पोट भरेस्तोवर खाऊन तिथंच झोपलं आणि कोणी त्याला हाकललं नाही, कारण कोणी कोणाला हाकलायचं हे ठरत नव्हतं. झुरीबाई रोज कडेला येऊन बसायची. आपल्या तोंडापायी गावाची फुलं मातीत चालली, हे तिच्या मनातून जाईना. रात्रीचं जेवणही तिनं सोडलं.

अशात तालुक्याहून पदनिरीक्षक आले. चिलमवार साहेब, मोटारसायकलवर, मागं दोरीनं बांधलेला मोठा खोका. त्यांनी दोन्ही पदांची लांबी-रुंदी मोजली आणि खुर्ची मागवून सावलीत बसले.

"अडचण समजली," ते म्हणाले. "तुमच्याकडे स्त्री मुखिया आहे, पण स्त्री मुखियाचं पद नाही. पाटलीण म्हणजे मुखियाची पत्नी. ती इथं लागू होत नाही."

"मग पाटीलच लागू करा ना, साहेब," झुरीबाई म्हणाली.

"तो पुरुषांचा आहे."

"त्याले विचारलं का?"

"पदाला विचारायची तरतूद नाही, बाई. पण काळजी करू नका. नवीन आलं आहे."

त्यांनी खोका उघडला. आत महिला पाटील होती. पांढरी, गुळगुळीत, तिला नव्या प्लास्टिकचा वास येत होता, गळ्यात रिबीन. जमिनीवर बसेना, म्हणून तिला खुर्ची द्यावी लागली. साहेब उभे राहिले. झुरीबाईनं तिच्या पाठीवरून हात फिरवला, तशी ती आनंदानं ताठ झाली.

"आता बोला," साहेब म्हणाले. "मोह वेचायचा का?"

झुरीबाईनं तोंड उघडलं. "मी आपणा सर्वांचे मनःपूर्वक आभार मानते."

टाळ्या साहेबांनीच वाजवल्या. मग त्यांनी परत विचारलं, आणि झुरीबाईनं परत आभार मानले. बाया टोपल्या पालथ्या घालून त्यावर बसल्या.

दोगेजीची विधवा चिन्नाबाई पुढं आली. जन्मभर पाटलीण तिच्या चुलीपाशी बसलेली. चिन्नाबाई म्हणाली, "साहेब, हिचा उपयोग काय?"

"समारंभाला बसते. फीत कापते."

"इथं कापायले काही नाही जी. वेचायचं आहे."

"वेचण्याचं प्रशिक्षण पुढच्या टप्प्यात आहे," साहेब म्हणाले. त्यांनाही जरा वाईट वाटलेलं दिसलं.

झुरीबाईचं तिकडे लक्ष नव्हतं. ती पाटलीणीकडे बघत होती. पाटलीण देवमोहामागं पाहून आली होती, साहेबांच्या मोटारसायकलखाली पाहून आली होती, आता रिकाम्या खोक्यात डोकं घालून बघत होती.

"चिन्नाबाई," झुरीबाई म्हणाली, "ही तुमच्या घरी असं शोधत होती का?"

"नाही बापा. कायले शोधेल? तो समोरच तर पडलेला राहे."

झुरीबाई उठली. तिनं पाटलीणीच्या गळ्यातलं दावं सोडलं, गुंडाळून कमरेला खोचलं आणि म्हणाली, "चाल माय. विचारून येऊ."

पाटलीण तुरुतुरु निघाली. झुरीबाई तिच्या मागं, आणि तिच्या मागं सगळं गाव टोपल्यांसकट. सैनूच्या गोठ्यापाशी पाटलीण थांबली नाही, सरळ आत शिरली. भिंतीकडे तोंड करून पडलेल्या पाटलाच्या पाठीला तिनं डोक्यानं एक ढुशी दिली. पाटील वळला. कान उभे झाले. मग तो खाटेवरून उतरला, अंग झाडलं आणि बाहेर आला, आणि पाटलीण नेहमीसारखी जरा अंतर ठेवून मागं.

सैनू दारात उभा होता. रैनी म्हणाली, "बाजूले व्हा जी. त्याले जाऊ द्या."

"मी अडवलं का?" सैनू म्हणाला. "काकी, खाटही घेऊन जा. पाय बसवून दिला आहे मी."

झुरीबाईनं वाकून पाहिलं. पाय खरंच नवा होता. "चांगला बसवला रे," ती म्हणाली, आणि सैनूला परत उचकी लागली नाही.

देवमोहाखाली येऊन पाटील सावलीत बसला. पाटलीण त्याच्या पाठीला टेकून बसली आणि पहिल्यांदाच कुठंही बघायला गेली नाही. उन्हं चढत होती. फुलं अजून पडत होती. झुरीबाईनं एक उचललं आणि टोपलीत टाकलं.

"झुरी," चिन्नाबाईनं विचारलं, "वेचायचं का वं?"

वाक्य आलं, आभाराचं नाही, पाटलीणीचं. झुरीबाईनं या वेळी ओठांवर हात धरला नाही. "घरच्याले विचारून सांगते," ती मोकळ्या आवाजात म्हणाली, आणि मागं वळून पाटलाकडे पाहिलं. पाटलानं तिच्याकडे पाहिलं. साहेबांनी पेन काढलं होतं, ते तसंच हातात राहिलं.

झुरीबाई गावाकडे वळली.

"विचारलं," ती म्हणाली. "ठरलं."

मग कोणी कोणाचं ऐकलं नाही. बाया, बापे, पोरं, सगळे एकदम वाकले. सैनू रैनीच्या टोपलीत वेचत होता आणि रैनी त्याला फूल चिरडतो म्हणून बोलत होती. अस्वल उठून निमूट जंगलात गेलं.

चिलमवार साहेबांनी झुरीबाईला गाठलं. "बाई, एका माणसाकडे दोन पदं बसत नाहीत."

"बसली आहेत ना जी. पाहा."

साहेबांनी पाहिलं. दोघंही बसलेली होती. पाटील घोरतही होता. साहेबांनी टेपनं दोघांमधलं अंतर मोजलं, ते काहीच निघालं नाही, आणि त्यांनी टेप खिशात ठेवला. महिला पाटील परत नेता येत नाही असं ते म्हणाले, म्हणून ती आता शाळेच्या व्हरांड्यात खुर्चीवर असते. येता-जाता कोणी तिला फूल देतं. ती आभार मानते. कोवे आणि हिचामीचं गायीचं प्रकरण त्याच संध्याकाळी मिटलं. आधी विचारलं, मग ठरलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी टोपली घेऊन लवकर निघालो. झुरीबाई माझ्याही आधी देवमोहाखाली आलेली होती, आणि तिच्याजवळ ती दोघं. मला चारचौघांत बोलायला जमत नाही, आणि तिला पाटील म्हणावं की पाटलीण म्हणावं हेही रात्रभर सुचलं नव्हतं. मी नुसतं "जोहार" म्हणालो. तिघांनीही मान हलवली. मी टोपली खाली ठेवली आणि वेचायला बसलो.