कलम तीनवाल्या गयाबाई

गयाबाईंना मेथी कशी दिली म्हणून विचारलं, की भावाआधी कायदा ऐकावा लागायचा.

“मेथी ताजी हाय, गुरुजी. आन् मी हितं कलम तीन, पोटकलम तीननं बसलेय.”

मग भाव. तोही घासाघीस न करता घ्यायचा, नाहीतर पुढचं कलम.

मुकुंदवाडी स्टेशनच्या रस्त्यावर त्यांची भाजीची टोपली असायची. मूळच्या त्या वेरूळच्या पलीकडच्या, मेंढरं राखणाऱ्या घरातल्या. लागोपाठ दुष्काळ पडले, माळावर काडी उरली नाही, तेव्हा नवरा चाऱ्यासाठी मेंढरं घेऊन लांब गेला आणि तिकडंच आजारी पडून वारला. गयाबाई शहरात आल्या. शहर तेव्हा अंग पसरत होतं. एकेक नवी इमारत उभी राहायची, रस्ता रुंद व्हायचा आणि गयाबाईंची टोपली हातभर मागं सरकायची.

अशात कुणीतरी बाजारात पथविक्रेत्यांच्या कायद्याची पुस्तकं वाटली. गयाबाईंना अक्षर येत नव्हतं. मी निवृत्त मास्तर, म्हणून पुस्तक माझ्याकडं आलं.

“रोज एक कलम वाचा, गुरुजी. लई नको. डोक्यात मुरलं पायजे.”

आयुष्यभर मी पोरांकडून पाढे घोकून घेतले, पण असा विद्यार्थी मिळाला नाही. सर्व्हे होऊन दाखला मिळेपर्यंत विक्रेत्याला हलवता येत नाही, हे कलम तीन त्यांना इतकं आवडलं, की त्या ते रिक्षावाल्यांना, हवालदाराला, कुणालाही सांगायच्या. एकदा मोकाट गाईनं कोथिंबिरीत तोंड घातलं. शेजारी आलं-लसूण विकणारी शमीमआपा म्हणाली, “इसकू भी सुना दे तेरा कलम. मेरा लसन तो सुन सुनके सूख गया.”

या दोघींचं दिवसभर भांडण. सावली कुणाची, गिऱ्हाईक कुणाचं, कुणाची गोणी कुणाच्या हद्दीत. पुस्तकात हद्दीचं कलम सापडतं का, म्हणून गयाबाईंनी मला दोनदा शोधायला लावलं होतं.

एके दिवशी अतिक्रमणाची गाडी आली. सगळे गाठोडी उचलून पळाले. शमीमआपाही उठली, तर गयाबाईंनी तिच्या ओढणीचं टोक धरलं. “बस खाली. पळालीस तर जागा सोडली मनतील.”

गाडीतून एक तरणे साहेब उतरले. गयाबाईंनी विचारलं, “साहेब, सर्व्हे झाला का?”

“नाही. पण रस्ता मोकळा करायचाय. माल गाडीत टाका.”

“टाका की. पण आधी यादी करा. कलम एकोणीस.”

साहेबांनी कागद काढला आणि लिहिलं, ‘भाजी, एक टोपली.’

“तसं नाय चालत. जुड्या किती, वांगी किती, समदं लिव्हा.”

साहेब उकिडवे बसून लिहायला लागले. भोवती माणसं जमली. गयाबाई एकेक वांगं उचलून दाखवत होत्या. “हे किडकं हाय, तसं लिव्हा. उद्या मनाल बाईचं समदं चांगलं होतं.” सतराव्या वांग्याला साहेबांनी पेन खिशात ठेवलं. शमीमआपाचा लसूण अजून मोजायचाच होता. “बाई, तुमचं बरोबर आहे. आधी सर्व्हेच करून घेतो,” असं म्हणून ते गाडीत बसले.

पुढं खरंच सर्व्हे झाला. अर्ज भरायला गयाबाईंनी मला सोबत नेलं. नाव, गाव, धंदा त्यांनी ठणकावून सांगितलं. मग कारकुनानं विचारलं, “तुमच्या माघारी जागा कुणाच्या नावावर लावायची?”

“शमीम. लसूणवाली.”

“नातं?”

“शेजारीण.”

“तसं चालत नाही, मावशी. नवरा किंवा मुलं लागतात. मूलबाळ?”

“नाय,” गयाबाई म्हणाल्या. एवढं लहान उत्तर मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकलं. त्यांनी माझ्याकडं बघितलं. “असं कलम हाय व्हय, गुरुजी?”

ते कलम मी त्यांना वाचून दाखवलं नव्हतं. मी म्हणालो, “आहे.”

कारकुनानं त्या रकान्यात आडवी रेघ मारली. एरवी त्यांनी त्या माणसाला दुपारपर्यंत सोडलं नसतं. आज त्या अंगठा उठवून उठल्या.

परत आलो, तर शमीमआपा दोन्ही दुकानं सांभाळत होती. कोथिंबिरीवर तिनं ओलं गोणपाट टाकलं होतं.

“क्या हुआ?” तिनं विचारलं.

“तुझं नाव सांगितलं. नाय घेतलं.”

शमीमआपा सकाळीच स्वतःचा अर्ज भरून आली होती. खाली मान घालून ती लसणाची टरफलं झटकत राहिली.

“मेरे फारम में भी लकीर मारे,” ती म्हणाली. “मैं तेरा नाम बोली थी.”

टोपली थोडी बाजूला सरकवून गयाबाई तिच्या गोणीवरच टेकल्या. मी मेथी न घेताच घरी आलो.