तोडणकरांचा डावा कोपरा

तोडणकर कुठल्याही खोलीत शिरले की आधी डावा कोपरा गाठतात.

दुबईत आमच्या करामा भागातल्या घरी ते पहिल्यांदा जेवायला आले, तेव्हा सोफा रिकामा होता, दोन खुर्च्या रिकाम्या होत्या. ते सगळं सोडून हे गृहस्थ टीव्ही आणि भिंतीच्या बेचक्यात जाऊन उभे राहिले. गुडघे किंचित वाकलेले, हात अर्धवट पुढे, मान खाली आणि नजर आम्हा सगळ्यांच्या पायांवर. माझ्या बायकोला वाटलं, त्यांचं काहीतरी पडलंय. तीही वाकून शोधायला लागली.

"काय हरवलं, भावजी?"

"काही नाही वहिनी. तुम्ही उजव्या पायावर भार कमी देता. टाच दुखते काय?"

टाच दुखत होती. शेजारी राहून मला त्याचा पत्ता नव्हता, हे त्या दिवशी मला बरंच ऐकावं लागलं. आमची लेक मात्र घाबरली. "डॅडी, व्हाय इज अंकल स्टेअरिंग ॲट माय सॉक्स?" असं विचारत ती आतल्या खोलीत पळाली.

जबल अलीतल्या आमच्या कंपनीत मी अकाउंट्सला आणि तोडणकर गोदामाचे फोरमन. पण फोरमन हे आपलं व्हिसावर छापण्यापुरतं. मूळचा हा माणूस कबड्डीतला डावा कोपरारक्षक. मुंबईच्या एका गिरणीने त्यांना गुहागरकडच्या गावातून खास संघासाठी उचलून आणलं होतं. हजेरी गिरणीत आणि काम मैदानात, असा तो सुखाचा संसार. चढाई करणाऱ्यांची नावं लोकांच्या तोंडी असायची. पकडी करणाऱ्याला पेपरात फार तर अर्धी ओळ. तोडणकरांना त्याचं काही वाटत नसे. समोरचा गडी टाळ्या घेत आत यायचा आणि हे त्याचा घोटा धरून त्याला मातीत बसवायचे. सुसर पाण्यात ओढते तसं, असं जुनी मंडळी सांगतात. मैदानावर त्यांना सुसरच म्हणत.

"तोंड बघितलं की पकड सुटते," हे त्यांचं आवडतं वाक्य. "चढाई करणारा डोळ्यांनी थापा मारतो, खांद्याने मारतो, हसून मारतो. घोट्याला थापा मारता येत नाहीत, देसाई. घोटा गरीब आहे."

पुढे गिरणीला टाळं लागलं, संघ पांगला आणि नव्वद सालानंतर कधीतरी तोडणकर इकडे आले. दुसरा कोणी असता तर जुने कप कपाटात ठेवून गप बसला असता. ह्यांनी पहिल्याच शुक्रवारी लेबर कॅम्पच्या मागचं रान हेरलं. वाळू भुसभुशीत, पाय ठरेना. मग ह्यांनी कॅम्पातल्या सगळ्या एसींखाली बादल्या लावल्या. एसीचं गळणारं पाणी वाळूवर मारायचं, वरून पिंपं लोळवायची, पुन्हा पाणी मारायचं. काही महिन्यांत तिथे चक्क मैदान झालं. वाळवंटात लोक पाण्याने बाग फुलवतात, ह्यांनी कबड्डी फुलवली.

त्यांची शिकवण्याची तऱ्हा बघायला मी एकदा मुद्दाम गेलो होतो. सात धट्टेकट्टे बाप्ये कंपनीच्या टोप्या नाकापर्यंत ओढून उन्हात उभे. समोरच्याचे फक्त पाय दिसले पाहिजेत, म्हणून ही टोप्यांची युक्ती. त्यात कोकणातले होते, साताऱ्याचे होते आणि बशीर नावाचा केरळचा फोर्कलिफ्टवालाही होता.

"मास्टर, कुछ दिखता नहीं!" बशीर ओरडला.

"दिखने का क्या है? पाँव देखो, पाँव! यल्ला, चलो!"

नेमके त्याच वेळी आमचे गोरे मॅनेजर पाहणी करत मैदानातून निघाले. बशीरला टोपीखालून दोन बूट येताना दिसले. त्याने गुरूचं नाव घेतलं आणि झडप घातली. पाठोपाठ बाकीच्यांची साखळी येऊन पडली. साहेब खाली, वर सात जण. टोप्या वर झाल्या तेव्हा सगळ्यांची पाचावर धारण बसली. नोकऱ्या खलास, असं मीही मनात म्हटलं. तोडणकर तेवढे आनंदाने टाळ्या पिटत पुढे आले. "पकड बघितली, सर? यू नो मूव्ह! नॉट वन इंच!"

साहेब कपडे झटकत उठले, दोन मिनिटं तोडणकरांकडे बघत राहिले आणि पोट धरून हसले. पुढच्या आठवड्यात बांधकामावरचा रोलर मैदानावर फिरून गेला. साहेब त्यानंतर मैदानाला वळसा घालून जात.

स्वतः तोडणकर खेळणं सोडून बसले होते, म्हणजे तसं ते म्हणत. अल ऐनच्या संघाशी सामना होता आणि आमच्या कोपऱ्यातल्या गड्याला ऐन वेळी ड्युटी लागली. तोडणकरांनी पँट गुडघ्यापर्यंत दुमडली आणि जाऊन उभे राहिले. समोर विशी-पंचविशीतला तरणाबांड चढाईपटू. त्याने हे पोट, हे टक्कल पाहिलं आणि चेकाळला. दंड थोपटले, वेडावलं, "अंकल, सो गये क्या?" म्हणाला. तोडणकरांची मान खालीच. खरंच डुलकी लागली की काय, अशी मला धास्ती वाटली. पोराने सहज म्हणून पाय लांबवला आणि तो पाय काही त्याला परत मिळाला नाही. सगळा कॅम्प नाचत होता. तोडणकरांनी त्या पोराला हात देऊन उठवलं आणि म्हणाले, "बेटा, निकलने से पहले तुम्हारा पंजा बाहर घूमता है. ठीक करो, इन्शाल्ला अच्छा खेलेगा." अशी माणसं मी फार पाहिली नाहीत.

त्यांच्या ह्या सगळ्या कौतुकात एक अडचण होती. तोडणकरांच्या पाया पडता येत नसे. सामना जिंकला की पोरं नमस्काराला वाकायची आणि पायाशी हात आला रे आला की गुरुजी टुणकन मागे. हात लागला म्हणजे बाद, हे अंगात इतकं मुरलेलं! गुरुपौर्णिमेला तर बघायला गर्दी व्हायची. शिष्य वाकून पुढे पुढे आणि गुरू आशीर्वाद देत मागे मागे, अशी मिरवणूक मेसच्या दारापर्यंत जाई. बशीरने एकदा पैज लावून प्रयत्न केला आणि तोंडघशी पडला.

आणि ह्या माणसाला ओळख पटायची ती पायांवरून. कंपनीच्या बसमध्ये सगळ्यांच्या पायांत एकजात सेफ्टी शूज. तरी मान वर न करता कोण चढलं ते हे सांगत. दर वर्षी गावाकडून येणारा कोणीतरी त्यांना नारळाच्या झापाची एक हीर, केरसुणीची काडी असते ती, आणून देई. त्यांची मुलगी शुभू हिच्या पायाच्या मापाने मोडलेली. ती हीर शर्टाच्या खिशात, पेनाशेजारी. सत्वा बाजारातल्या चपलांच्या दुकानात हे प्रत्येक सँडलमध्ये हीर घालून बघायचे आणि दुकानदार कपाळाला हात लावायचा. "भाई, पाँव किधर है?" "पाँव गाँव में है," तोडणकर म्हणायचे आणि पुढची सँडल उचलायचे. आम्ही हसायचो.

आम्ही अल बर्शाला मोठ्या घरात राहायला गेलो, त्या सुमाराला तोडणकरांच्या बायको-मुलीचा व्हिजिट व्हिसा झाला. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. कॅम्पात कुठे ठेवणार, म्हणून बायकोने परस्पर जाहीर केलं, "भावजी, दोघी आमच्याकडे उतरतील."

विमानतळावर जाताना तोडणकर सवयीप्रमाणे गाडीत मागे, डाव्या कोपऱ्यात, म्हणजे इकडे स्टिअरिंग डावीकडे असल्यामुळे बरोबर माझ्या पाठीमागे बसले होते. मग अचानक म्हणाले, "देसाई, ओळखीन ना मी?"

"कोणाला?"

"शुभूला."

मी हसलो. ते हसले नाहीत.

"मागच्या सुट्टीला मुंबईत सहार विमानतळावर उतरलो. ट्रॉली ढकलत बाहेर आलो, खाली बघत. समोर दोन पाय येऊन उभे राहिले. चांगले मोठे. मी म्हटलं, बाजूला हो गं बाळा, आणि पुढे गेलो." खिशातली हीर चाचपत ते म्हणाले, "शुभू होती ती. आईला मागे ठेवून धावत आली होती, मला आधी भेटायला."

मी विचारलं, "मग?"

"मग काय? हसली. सगळेच हसले. मीपण हसलो. दोन वर्षांनी एकदा बघतो, देसाई. हीर लांबी सांगते. चाल नाही सांगत." मग स्वतःलाच धीर देत म्हणाले, "ह्या वेळी बंदोबस्त केलाय. मरून सँडल पाठवल्यात, पितळी बक्कलवाल्या. त्याच घालून ये म्हणून फोनवर बजावलंय."

माणसं बाहेर पडतात त्या हॉलचाही डावा कोपरा तोडणकरांनी गाठला. गुडघे वाकलेले, मान खाली. लोकांचे पाय येत होते, जात होते. मी फोटो पाहिलेला असल्यामुळे मला त्या दोघी लांबूनच दिसल्या. माउलींच्या पायात मोजे आणि कोणाचे तरी उसने बूट. मुलीच्या पायात पांढरे कॅनव्हासचे बूट. मरून सँडलचा पत्ता नाही. मी तोडणकरांना हाक मारणार, तेवढ्यात मुलीने माझ्याकडे बघून ओठांवर बोट ठेवलं.

ती सरळ चालत आली आणि त्यांच्या पुढ्यात उभी राहिली.

तोडणकरांनी कॅनव्हासचे बूट पाहिले. "सॉरी हां, बेटा," म्हणत ते अर्धं पाऊल बाजूला सरकले, आणि तिच्या मागच्या गर्दीत मरून सँडल शोधायला लागले. मला त्यांच्याकडे बघवेना.

मुलगी तशीच एक पाऊल सरकली आणि नमस्काराला वाकली. खाली बघणाऱ्या तोडणकरांच्या नजरेत बुटांच्या जागी एकदम चेहरा आला. तिचे दोन्ही हात त्यांच्या पायांवर होते. आता हे टुणकन मागे उडणार, म्हणून मी धरायला पुढे झालो. पण पाय हलला नाही. कोणाच्याही हाताला न सापडणारा तो पाय जागच्या जागी राहिला.

"पप्पा," ती खालूनच म्हणाली, "हात लागला. बाद."

"झालो गं," तोडणकर म्हणाले. "झालो बाद."

तोवर तोडणकरवहिनी ट्रॉली ओढत पोचल्या. सँडलचं विचारलं तर म्हणाल्या, "नव्याकोऱ्या सँडल विमानात कशाला मळवायच्या? पेपरात गुंडाळून बॅगेत ठेवल्यात." तोडणकरांनी ते ऐकलंसुद्धा नाही. पार्किंगपर्यंत ते मुलीच्या शेजारून, रस्त्याच्या मधोमध चालत होते, आणि दोनदा ठेचकाळले, कारण खाली बघायचं ते विसरूनच गेले होते.