दौलतरावांची मिशी

"कोणाचा विश्वास बसणार नाही, पण माझी अख्खी कारकीर्द एका कावळ्याने खाल्ली," खुर्चीत मान टेकवत दौलतराव म्हणाले.

ठाकुर्ली स्टेशनबाहेरचं पोपटचं सलून. बाकावर टेंभी नाक्याच्या नवरात्र मंडळाचे महिपतराव वही उघडून बसले होते. ऐतिहासिक सिनेमा-मालिकांत पंधरा वर्षं भाला धरून उभ्या राहिलेल्या दौलतरावांचा यंदा सत्कार घाटत होता. पण कमिटीतल्या निम्म्यांनी 'हा कोण?' असं विचारलं होतं. मानपत्रात काही जबरदस्त आलं नाही, तर शाल डोंबिवलीच्या एका गायकाच्या खांद्यावर जाणार होती.

"अठ्ठ्याऐंशी साल. पहिल्यांदाच सरदाराचा रोल. तीन वाक्यं आणि क्लोजअप! डायरेक्टर बोलला, दौलत, ही मिशी जप. आणि त्याच आठवड्यात बाबा गेले. दहाव्याला कल्याणच्या खाडीवर डोकं केलं, ते काय पगडीखाली झाकतं. मिशी तेवढी ठेवली. पिंडाला कावळा शिवेना! पन्नास कावळे ओळीने बसलेले, पासवर आलेल्या प्रेक्षकांसारखे. आई म्हणाली, 'दौल्या, त्यांचा जीव तुझ्या मिशीत अडकलाय.' मी बोललो, रोल गेला खड्ड्यात! मिशी उतरवली, आणि पन्नासच्या पन्नास तुटून पडले."

"अरारारा!" महिपतरावांनी 'पितृभक्त' लिहून खाली दोन रेघा मारल्या.

"पुढे ऐका. सेटवर नकली मिशी डकवली. मे महिन्याचं ऊन. 'महाराज, गड राखला!' म्हणून मुजऱ्याला वाकलो, तर मिशी घसरून नजराण्याच्या तबकात. घोड्याने वास घेतला आणि शिंकला. मिशी उडाली ती थेट कैद केलेल्या शत्रूच्या ओठावर. त्याची स्वतःची होतीच, वर ही! सगळं युनिट लोळलं. संध्याकाळपर्यंत मी सरदाराचा जासूद झालो, दुसऱ्या दिवशी पहारेकरी. भाला हातात आला तो सुटलाच नाही." एवढं बोलल्यावर दौलतरावांचा आवाज मात्र खराखुरा जड झाला. "बाबा नेहमी विचारायचे, 'दौल्या, पडद्यावर तू बोलणार कधी रे?'"

"बस्स, मानपत्र झालं!" महिपतरावांनी डोळे पुसले. "रोल सोडला, पण बाप नाही सोडला!"

पोपटची कात्री थांबली. दौलतरावांचे बाबाही त्याचं जुनं गिऱ्हाईक.

"साहेब, ते लिहू नका."

"पोपट, तू कात्री चालव."

"काका, खाडीवर वस्तरा घेऊन मीच आलेलो ना! मिशी तुम्ही काढलीच नाही. कावळा शिवलाच नाही, शेवटी भटजींनी दर्भाचा केला. आणि टीव्हीवर ती मिशी दिसली तरी कुठे? सीनच कापलेला. मी धार लावून तासभर उन्हात बसलेलो. तुम्ही काय बोललात, आठवतंय? 'बाबा समजून घेतील रे, डायरेक्टर नाही घेणार.'"