कानस न मारलेले व्याज

"चारशे तीस," रत्नाकर दाणी म्हणाला आणि पेन्सिल कानावर ठेवली.

सुहासिनीचे लाटणे थांबले. "तीनशेचे?"

"पाच वर्षं झाली. सहा टक्के, आणि व्याजावर व्याज. काहून, कमी वाटून राहिले का?"

"कमी कुठले? मशीन सव्वाचारशेला आहे. वर पाच उरतात, त्यात दोरा येईल."

ही ठेव पासष्टच्या लढाईतल्या ओव्हरटाइमची. लढाई संपल्यावर वर्षभराने ती कामगारांच्या पतपेढीत गेली आणि आता एकाहत्तरची लढाई सुरू असताना तिची मुदत भरली. मधली वर्षे सुहासिनी हातशिलाईने ब्लाउज शिवत होती आणि डोळे चोळत होती. आकडा ऐकल्यावर तिने त्याच दिवशी शहरातल्या गोरखपूर मोहल्ल्यातल्या दुकानात मशीन बाजूला ठेवायला सांगितले आणि क्वार्टरच्या निम्म्या लाइनीकडून शिवायचे कापड गोळा केले.

नवऱ्याच्या आकड्यावर शंका घ्यायचे तिला कारण नव्हते. रत्नाकर तोफगाड्यांच्या कारखान्यात फिटर होता आणि त्याचे माप चुकत नाही, असे तिथे सगळेच म्हणत. फिटरचा एक नियम असतो: कापताना थोडे जास्त ठेवायचे. जास्त झालेले कानशीने घासता येते, कमी पडलेला तुकडा भंगारात जातो. रत्नाकरने व्याजही याच नियमाने काढले होते. पहिल्या वर्षी तीनशे अठरा झाले, त्याचे त्याने तीनशे वीस केले. पुढचे व्याज त्या तीनशे वीसवर धरले आणि जे आले ते पुन्हा वरच्या दहाला नेऊन ठेवले. असे पाचही वर्षे. शेवटी कानस मारायची, ती राहून गेली.

पतपेढीत खिडकीवरच्या कारकुनाने, दिवाकरबाबूने, चारशे एक रुपये सत्तेचाळीस पैसे मोजून पुढे सरकवले.

"बाकीचे?" रत्नाकरने विचारले.

"बाकीचे कोणते?"

"चारशे तीस पाहिजेत."

दिवाकरबाबूने कागदावर गणित मांडून दाखवले. दुसऱ्याच ओळीत रत्नाकरचे कान लाल झाले.

"अठराचे वीस नाही करत तुम्ही?"

"रत्नाकरजी, पेढीत अठराचे अठराच राहतात."

मुरलीधर, त्याचा शेजारी आणि कामावरचा जोडीदार, मागेच उभा होता. त्याने सगळे ऐकले आणि बाबू चुकला असे ठरवले. दुपारपर्यंत अख्ख्या सेक्शनला कळले की पेढीने रत्नाकरचे पैसे खाल्ले.

"माझंच चुकलं," रत्नाकर म्हणाला.

"तुझं? तुझा एक तरी जॉब तपासणीतून कधी परत आला का? त्या बाबूनं घुमवलं तुला."

"अरे, मी अठराचे वीस करत होतो."

"बराबर करत होता. नाही केले अन् कमी पडले तर?" मुरलीधर म्हणाला, आणि आजूबाजूच्या सगळ्या फिटरांनी माना डोलावल्या.

कोणीतरी पेढीला घेराव घालायची गोष्ट काढली. म्हातारे अंबादासजी म्हणाले, "लढाई चालू आहे. आत्ता घेराव बरा नाही दिसत." घेराव गेला, पण लोकांचा जोश जाईना. मग पगाराच्या दिवशी फाटकावर गमछा अंथरला गेला. ज्याने त्याने दोन-दोन रुपये टाकले. रत्नाकर नको नको म्हणत होता. तो जितके नको म्हणे तितके लोकांना वाईट वाटे आणि गमछा जड होई.

घरी त्याने बायकोला सगळे खरे सांगितले. सुहासिनीने गमछा सोडून पैसे मोजले.

"परत करू का?" त्याने विचारले.

"घेतील का ते?"

"नाही."

"मग फुकट नको. ज्यानं दोन रुपये दिले त्याच्या घरचा एक ब्लाउज मी शिवून देते. माझी शिलाई दोनच रुपये आहे. चलो, हिशोब मिटला."

मशीन रिक्षातून आले. लढाई संपली, खिडक्यांवरचे ब्लॅकआउटचे काळे कागद निघाले. ब्लाउज मात्र कोणी मागायला येईना. बायका भिडस्त होत्या. "होईल सवडीनं, काही घाई नाही," म्हणत. सुहासिनीचे पैसे देणारे गिऱ्हाईक वाढत गेले आणि तिला वाटले, आपला नवरा चुकला तेच बरे झाले.

सहा महिन्यांनी मुरलीधरची बायको इंदिरा आली. तिच्या हातात दोन कापडे होती.

"वहिनी, एक ठरला होता ना?" सुहासिनी म्हणाली.

"तेव्हा एक. आता व्याज नाही का लागलं? दोन रुपये सहा पैसे झाले, म्हणजे एका ब्लाउजच्या थोडं वर."

"अच्छा, मग सहा पैसे देते मी."

"सहा पैशांचं मी काय करू? यांनी चहाच्या सुट्टीत भाऊजींनाच विचारलं. कशाचा हिशोब ते नाही सांगितलं, उगाच त्यांना संकोच. भाऊजी म्हणाले, एकाच्या वर थोडंही गेलं की दोन धरायचे."

सुहासिनीने दारातून बाहेर पाहिले. रत्नाकर अंगणात सायकलला हवा भरत होता. लाइनीतल्या आणखी तिघी दोन-दोन कापडे घेऊन येत होत्या, आणि तो सायकल बाजूला घेऊन त्यांना अदबीने वाट करून देत होता.